दुसरी उडी

गोव्यात माशेलला देवकीकृष्णाच्या मैदानात चिखलकाला ऐन रंगात आला होता. पाऊस मध्येच उघडत होता, मध्येच आडवातिडवा कोसळत होता. मैदानातली माती पोटरीपर्यंत मऊ झालेली, आणि अंगाला तेल चोपडून उतरलेली पोरं नि बाप्ये त्यात ओळखू येईनासे झालेले. विठ्ठलाचा गजर, ओल्या मातीत मिसळलेला तेलाचा वास, कडेला छत्र्यांची दाटी. आणि छत्र्यांच्याही पुढे, अगदी चिखलाच्या काठावर, कॅमेरेवाल्यांची रांग. दर आषाढात ही रांग थोडी लांबते. तेरा-चौदा वर्षांचा एक मुलगा धावत आला, पुढच्या सोबत्याच्या खांद्यावर हात टेकून त्याने अंग झोकून दिलं आणि सपकन चिखलात पडला. पडल्यावर क्षणभर दिसलाच नाही. वर आला तो हसत, डोळे मिटलेले, तोंडातली माती थुंकत. रांगेतल्या एका छायाचित्रकाराचा क्षण हुकला असावा. त्याने हात वर करून हाक मारली, ‘भाई, एक बार और!’ मुलाने डोळे पुसले, मागे गेला आणि परत धावत आला. या वेळी उडी जास्त उंच होती. हात जास्त पसरलेले होते. आणि सगळा वेळ तो लेन्सकडे बघत होता.

छायाचित्रकाराने कॅमेऱ्याची प्लास्टिकची पिशवी बाजूला सारून त्याला पडद्यावर फोटो दाखवला. दोघेही हसले. मुलगा पळाला, छायाचित्रकार पुढच्या घोळक्याकडे वळला. यात कोणी कोणाला फसवलं नव्हतं, कोणाचं मन दुखावलं नव्हतं. तरी मला ती दुसरी उडी कुठेतरी लागून राहिली. पहिली उडी त्या चिखलाची होती, त्या सोबत्याची होती, वर्षातून एकदा येणाऱ्या त्या दिवसाची होती. दुसरी कोणाची होती? घरी आल्यावर चहा घेता घेता आईला सांगितलं. तिने कपातली साखर ढवळत ऐकून घेतलं आणि म्हणाली, ‘म्हणजे पहिली उडी गेलीच म्हणायची.’

गोव्यात राहणाऱ्या माणसाला बघितलं जाण्याची सवय असते. आपण गिरणीतून दळण घेऊन येत असतो आणि कोणीतरी आपल्या मागच्या भिंतीचा फोटो काढत असतो. पणजीत फोंताइन्हासच्या गल्ल्यांत लाल-निळ्या भिंतींपुढे लग्नाआधीच्या फोटोंसाठी जोडपी रांग लावतात, आणि त्याच भिंतींच्या आत राहणाऱ्या लोकांनी कंटाळून ‘इथे फोटो काढू नका’ अशा पाट्या लावल्या आहेत. माडांची रांग, पांढरं चर्च, कॅशूची फेणी, कार्निव्हलचा मुखवटा: हे चित्र इतक्या वेळा काढलं गेलंय की ते आता कोणी काढावंही लागत नाही, आपोआप उमटतं. त्यात माझा डिचोली तालुका नाही. लाल धुळीने माखलेली काजूची पानं नाहीत, भरती-ओहोटीबरोबर मांडवीतून खनिज वाहून नेणाऱ्या बार्जी नाहीत, जत्रेच्या रात्री पहाटे चारपर्यंत चालणारं मराठी नाटक नाही. याचं मला वाईट वाटतं हे खरं. पण त्याहून जास्त मला हे जाणून घ्यायचंय की जे चित्र काढलं जातं, ते ज्याचं आहे त्याच्याकडे कधी परत येतं का.

मला माहीत असलेला पहिला चित्रकार हा पडदे रंगवणारा होता. आमच्या गावात जत्रेला दोन रात्री नाटक व्हायचं, एक पौराणिक आणि एक ऐतिहासिक. त्यासाठी देवळाच्या अग्रशाळेत पडद्यांच्या गुंडाळ्या ठेवलेल्या असत: दरबार, रस्ता, जंगल, देऊळ. बांबूवर गुंडाळलेलं जाड कापड, उलगडताना त्यातून चुन्याचा, डिंकाचा आणि उंदरांचा वास यायचा. ते रंगवणारे गृहस्थ फोंड्याकडचे. सगळे त्यांना ‘पेंटर’ एवढंच म्हणत. जत्रेच्या पंधरा दिवस आधी ते येऊन अग्रशाळेत मुक्काम करत आणि फाटलेले, ओल लागलेले पडदे पुन्हा रंगवून देत. आम्ही मुलं शाळा सुटली की तिथेच. रामाच्या वनवासाचं जंगल होतं, पण त्यात पोफळी होत्या, पोफळींवर मिरवेल चढलेली होती आणि खाली पाटाचं पाणी वाहत होतं. म्हणजे ते आमचं कुळागर होतं. राम-लक्ष्मण ज्या व्हाळाकाठी बसत तो देवळामागचाच व्हाळ. त्यातला बसका काळा दगडसुद्धा आम्ही ओळखला होता, कारण त्यावर आम्ही कपडे ठेवून पोहायचो. दरबाराच्या पडद्यावर औरंगजेबाच्या सिंहासनाखाली जी फरशी होती तिच्यावरची नक्षी गावातल्या भाटकाराच्या, म्हणजे जमीनदाराच्या, दिवाणखान्यातली. पेंटरना कोणी तसं सांगितलं नव्हतं. त्यांनी गाव बघितला होता, एवढंच.

नाटकाच्या रात्री ते पहिल्या रांगेत, पण थोडे तिरपे बसत. त्यांचं अर्धं लक्ष प्रेक्षकांकडे असे. जंगलाचा पडदा पडला आणि बायकांमधून ‘अगो, हें आमचें कुळागर!’ असं कोणीतरी म्हणालं की ते खाली बघून तंबाखू मळू लागत. इतकी वर्षं मी प्रदर्शनं बघत आले, पण चित्र आणि ज्यांचं ते चित्र ती माणसं यांच्यात इतकं कमी अंतर मला पुन्हा फार थोड्या ठिकाणी दिसलं. आता नाटकामागे फ्लेक्स असतो. त्यावरचं जंगल कुठल्या देशातलं आहे कोण जाणे. पानं फार हिरवी आणि फार सारखी.

तसं अंतर कमी झालेलं मी पणजीत एकदा अनुभवलं, आणि तेही नाटकाच्याच निमित्ताने. कला अकादमीच्या स्पर्धेला आमच्या गावचं नाटक लागलं होतं, म्हणून बाबा मला घेऊन गेले होते. चार्ल्स कोरियांनी मांडवीच्या काठावर बांधलेली ती वास्तू मी प्रथमच बघत होते. दीनानाथ मंगेशकर कलामंदिरात शिरले आणि वर बघितलं तर बाजूच्या भिंतींवर जुन्या नाट्यगृहासारखे सज्जे, आणि त्या सज्जांत माणसं बसलेली. जाड बाया, मिशाळ पुरुष, गळ्यापर्यंत बटणं लावलेले कोणी. व्यंगचित्रकार मारिओ मिरांडांची रेघ. आपल्याआधी येऊन जागा धरून बसलेले प्रेक्षक. मी बाबांना विचारलं, ‘हे पण नाटक बघणार?’ बाबा म्हणाले, ‘ते रोजच बघतात.’ गावातली आमची मंडळी रंगमंचावर संभाजी नि येसूबाई होऊन उभी होती आणि भिंतीवरचे, मारिओंच्या लोटली गावचे शेजारीपाजारी त्यांच्याकडे टक लावून बघत होते. कोंकणी तियात्र असो, मराठी संगीत नाटक असो, ते तिथेच. गोव्यात भाषेवरून माणसं किती भांडली आहेत हे आपल्याला माहीत आहे. त्या भिंतींनी मात्र दोन्हीकडच्या नाटकांना तेच प्रेक्षक दिले.

मारिओंबद्दल आपल्याकडे प्रेमाने बोललं जातं, पण बहुतेक वेळा मुंबईच्या मारिओंबद्दल: वर्तमानपत्रातल्या बाई, साहेब, कॅफे मोंडेगारच्या भिंती. मला त्यांचं लहानपण जास्त जवळचं वाटतं. लोटलीच्या घरात भिंतींवर रेघोट्या ओढणाऱ्या मुलाला आईने कोरी वही आणून दिली, आणि पुढे तरुण वयात तो रोजनिशी शब्दांऐवजी चित्रांत लिहू लागला. गावातला पाद्री, शेजारच्या बाया, लग्न, मयत, नाच, कोण कोणाशी बोलत नाही, कोण कोणाकडे बघतो. ही रोजनिशी विकण्यासाठी नव्हती. ज्यांची चित्रं काढली ती माणसं दुसऱ्या दिवशी परत भेटणार होती, चर्चच्या पायरीवर, बाजारात. चित्रात तुम्ही एखाद्याचं नाक लांब केलंत तर त्याच्या नाकासमोर उभं राहायची तयारी हवी. मारिओंच्या गर्दीत कोणीच नुसता गर्दीचा भाग नसतो ते बहुधा म्हणूनच. कोपऱ्यातल्या कुत्र्यालासुद्धा त्याचं स्वतःचं काम असतं. १९२६ मध्ये दमणला जन्मलेला हा माणूस जग फिरून आला आणि २०११ च्या डिसेंबरमध्ये लोटलीच्याच घरात गेला.

आमच्या घरात मात्र आणखी एका गोवेकराची चित्रं आधी आली होती, आणि ती गोवेकराची आहेत हे आम्हाला ठाऊकच नव्हतं. आजोबांच्या लाकडी पेटीत ‘दीपावली’चे जुने अंक होते. मुखपृष्ठांवरच्या दीनानाथ दलालांच्या त्या बायका, लांब बोटांच्या, खाली झुकलेल्या पापण्यांच्या. आई लहान असताना त्यांच्या पदराच्या चुण्या बघून पदर घ्यायला शिकली म्हणे. दलाल १९१६ साली मडगावला जन्मले. महाराष्ट्रातल्या कित्येक घरांनी आपल्या दिवाळीचं सुंदर रूप या मडगावच्या माणसाच्या हातून बघितलं. पोर्तुगीज राजवटीतल्या गोव्यात ते अंक सीमेपलीकडून येत, आजोबा ते जपून वाचत आणि पुन्हा पेटीत ठेवत. म्हणजे इथून गेलेली रेघ मुंबईला फिरून आमच्या पेटीत परत आली होती. गोव्याच्या चित्रकारांच्या बाबतीत हे जाणं-येणं इतक्यांदा दिसतं की त्याकडे दुर्लक्ष करता येत नाही. सांग्याला १८७० मध्ये जन्मलेले आंतोनियो शाव्हियेर त्रिंदाद मुंबईच्या जे. जे. मध्ये शिकले, तिथेच शिकवू लागले, मुंबईतच वारले. त्यांची चित्रं आज फोंताइन्हासमध्ये फुंदासांव ओरिएंत या संस्थेच्या दालनात आहेत. सालीगावचे फ्रान्सिस न्यूटन सोझा लंडन-न्यूयॉर्कला गेले आणि त्यांचं गाव त्यांच्या ख्रिस्ताच्या काट्यांत, काळ्या रेघांत शिल्लक राहिलं.

या सगळ्यांत मी सर्वांत जास्त वेळ उभी राहते ती आंजेलो द फोन्सेकांच्या चित्रांपुढे. १९०२ चा जन्म, सांत इस्तेव म्हणजे आपलं जुवें. शांतिनिकेतनला अवनींद्रनाथ आणि नंदलाल बोसांकडे शिकून ते गोव्यात परतले आणि त्यांनी मरिया काढली, साडी नेसलेली, गव्हाळ. मांडीवर बाळ. युरोपातून आलेल्या गोऱ्या मूर्तींची सवय झालेल्या इथल्या चर्चच्या लोकांना ते रुचलं नाही. मरियाला आपल्या शेतातल्या बाईसारखं दाखवणं हा त्यांना अपमान वाटला. फोन्सेका पुण्याला निघून गेले, तिथल्या ख्रिस्ती आश्रमात राहिले, चित्रं काढत राहिले आणि १९६७ मध्ये पुण्यातच वारले. त्यांच्या चित्रांचा मोठा संग्रह त्यांच्या पत्नीने पुढे गोव्याला दिला. तो पर्वरीला झेवियर सेंटर ऑफ हिस्टॉरिकल रिसर्चकडे आहे.

ती चित्रं पहिल्यांदा बघितली तेव्हा मी हातांकडे बघत राहिले. फोन्सेकांची मरिया बाळाला धरते ती बोटं पसरून, तळव्याने पाठीला आधार देऊन. आमच्याकडे न्हाऊ घातलेल्या पोराला उचलून घेतात तसं. आजूबाजूला सोनेरी झळाळी नाही, रंग पाण्यासारखे पातळ, जमिनीवर बैठक. मी ख्रिस्ती नाही. चर्चमध्ये मी पाहुणी म्हणून जाते, मयताला, लग्नाला. तरी त्या चित्रापुढे मला पाहुणं वाटलं नाही. आणि मग राग आला, थोडा उशिरा, पायऱ्या उतरताना. आपल्याच गावाला आपलं रूप दाखवलं म्हणून एका माणसाला गाव सोडावं लागलं. हे फक्त चर्चपुरतं नाही. आपल्या देवळांत, आपल्या वाड्यांवर, कोणाला देवीच्या जागी बघायचं आणि कोणाला फक्त सुपं विणणारी म्हणून बघायचं, याचे हिशेब आपणही ठेवलेलेच आहेत. उद्या कोणी आमच्या गावच्या वाड्यावरची बाई सरस्वती म्हणून रंगवली तर अग्रशाळेत ते चित्र टांगू देतील का? मला उत्तर माहीत आहे आणि ते मला आवडत नाही.

फोन्सेकांची चित्रं निदान आली. वामन नावेलकरांची आली नाहीत.

पोंबुर्फ्याचे नावेलकर लिस्बनला शिकले, मोझांबिकला शिकवायला गेले, आणि तिथून परतताना त्यांची चित्रांची बॅग हरवली, आतल्या शेकडो चित्रांसह. ती पुन्हा कधीच सापडली नाही. ते अखेर पोंबुर्फ्याला येऊन राहिले आणि २०२१ मध्ये गेले तोपर्यंत काढत राहिले. अकाली गेलेल्या भावाच्या नावाने, ‘गणेश’ अशी सही करत. तीन खंडांतली माणसं त्या बॅगेत होती. आफ्रिकेतल्या ज्या कोणी त्यांच्यासमोर बसून स्वतःला काढून घेतलं असेल, त्यांना माहीतही नसेल की आपण हरवलो.

गोव्यात चित्र आणि जमीन यांच्यात अंतरच नसलेली एक कला आहे. कावी. मोरजीला मोरजाईच्या देवळात मी ती लहानपणी बघितली होती, पण कशी होते हे कळलं ते खूप नंतर, एका कार्यशाळेत बसून. शिंपल्यांचा चुना आणि रेती गुळाच्या पाण्यात कालवून दिवसेंदिवस मुरवायची. तो गिलावा भिंतीला देऊन घोटायचा. त्यावर तांबड्या मातीचा, कावेचा थर. थर ओला आहे तोवरच लोखंडी टोकाने कोरायचं. जिथे तांबडं निघतं तिथे खालचा पांढरा चुना दिसतो आणि चित्र तयार होतं. म्हणजे रंग लावून नव्हे, काढून. हात थांबला की माती वाळते, चुकलं तर पुसता येत नाही. शिकवणाऱ्याने मला टोक धरायला दिलं, आणि पहिल्या रेघेला जो करकर आवाज आला तो दातांत बसला. चुन्याचा गार स्पर्श, नखांत तांबडं. आडपईच्या सागर नाईक मुळ्यांनी ही कला पुन्हा हाती घेतली, त्यांचं नाव ‘मन की बात’मध्येही आलं, आणि आता मुलं शिकू लागली आहेत. देवळांच्या नूतनीकरणात टाइल्सखाली आणि ऑइलपेंटखाली किती भिंती गेल्या याचा हिशेब मात्र लागणार नाही.

ती माती बघताना मला दुसरंच आठवत होतं. तोच तांबडा रंग आमच्या लहानपणी शाळेच्या गणवेशावर असायचा. खनिजाचे ट्रक एकामागून एक जायचे, रस्त्याकडेच्या घरांची दारं कायम बंद, वाळत घातलेले कपडे धुऊनही तांबडे. २०१२ मध्ये खाणी बंद झाल्या तेव्हा धूळ थांबली आणि ट्रकही दारात थांबले. दोन्हींचं दुःख-सुख एकाच घरात नांदलं. धूळ गेली म्हणून आजी सुटकेचा श्वास घ्यायची, हप्ते थकले म्हणून काका रात्री अंगणात फेऱ्या मारायचा. त्या वर्षांचं चित्र कोणी काढलं? बातम्यांचे फोटो निघाले: रिकामे खड्डे, रांगेने उभे ट्रक, मोर्चे. पण काकाच्या अंगणातल्या त्या फेऱ्या कोणी काढल्या नाहीत. माझ्या तालुक्यावर हे कर्ज आहे असं मला वाटतं, आणि ते इथल्याच कोणीतरी फेडावं.

इथल्याच कोणीतरी म्हणताना मी अडखळते. कारण प्रबुद्ध दासगुप्ता इथले नव्हते. फॅशनच्या छायाचित्रांसाठी नाव झालेला हा माणूस गोव्यातल्या ख्रिस्ती घरांत जाऊन बसला. २००९ मध्ये आलेल्या त्यांच्या ‘एज ऑफ फेथ’ या पुस्तकात गोव्याचे रंग एकदम नाहीसे होतात, सगळं काळंपांढरं. खुर्च्या, क्रूस, म्हातारी माणसं, अंधाऱ्या खोल्या. माझी बार्देशातली मैत्रीण ते पुस्तक बघून म्हणाली, ‘आमच्या घरी इतका काळोख नसतो, पण आमच्या आजीच्या खोलीत असतो.’ तिला पुस्तक आवडलं की नाही ते तिने सांगितलं नाही. ती बराच वेळ तेच पान बघत होती. आणि अलेक्स फर्नांडिस इथलेच. त्यांनी तियात्रातल्या कलाकारांची व्यक्तिचित्रं काढली. साधी पार्श्वभूमी, वेशभूषा आणि मेकअप तसाच, समोर बघणारा माणूस. रंगमंच काढून घेतलेला. विनोदी पात्राच्या चेहऱ्यावरचा थकवा तिथे लपत नाही. हे कलाकारही लेन्सकडेच बघत होते. पण त्यांना कोणी ‘एक बार और’ म्हणून बोलावलं नव्हतं. ते आपलं काम घेऊन आले होते, आपला मान घेऊन उभे राहिले होते. माशेलच्या त्या मुलाच्या बघण्याशी हे बघणं मी कितीदा तरी ताडून पाहिलं, आणि प्रत्येक वेळी मला वाटलं की प्रश्न लेन्सकडे बघण्याचा नाहीच. त्या मुलाकडे त्या वेळी दाखवण्यासारखं स्वतःचं असं काय आहे हे विचारायला कोणाला वेळ नव्हता.

जत्रेच्या मराठी नाटकांतल्या आमच्या माणसांची अशी व्यक्तिचित्रं व्हावीत असं मला फार वाटतं. दिवसभर ट्रक चालवून, रात्री तालमीला येऊन शिवाजी होणारा. पोस्टात काम करणारा आणि सलग कितीतरी वर्षं शकुनीच करणारा. पूर्वी स्त्रीपार्ट करायचे ते आता ऐंशीच्या घरातले आजोबा, ज्यांना अजून पदर सावरायची लकब आहे.

छायाचित्रांच्या जागेबद्दलही कोणी विचार करतं तेव्हा मला बरं वाटतं. गोवाफोटो महोत्सवात हळदोण्यातल्या जुन्या घरांमध्ये छायाचित्रं मांडली होती. दिवाणखान्यात, जिन्यात, घरच्यांच्या लाकडी फर्निचरमध्ये. बघायला जाणारा माणूस आपोआप चपला काढतो, आवाज खाली आणतो, घरातल्या माणसाला ‘येऊ का?’ विचारतो. पणजीतही २०१६ पासून डिसेंबरमध्ये सेरेंडिपिटी कला महोत्सवाच्या निमित्ताने जुन्या जीएमसीच्या, म्हणजे वैद्यकीय महाविद्यालयाच्या, इमारतीत, मांडवीकाठी मोठमोठी प्रदर्शनं भरतात, आणि तिथे मी खूप शिकले आहे. पण तिथे माझी आते कधी येणार?

म्हणून एकदा तिलाच घेऊन गेले, पणजीतल्या एका लहानशा प्रदर्शनाला. तिचं आयुष्य शेतात गेलंय, पावसाळ्यात सरद, नंतर पाणी असेल तिथे वायंगण. एका मोठ्या फोटोपुढे ती थांबली. हिरवंगार शेत, गुडघाभर पाण्यात उभ्या बायका, हातात रोपांच्या जुड्या, पाठीमागे काळे ढग. सुंदर फोटो होता. मी तिच्या तोंडाकडे बघत होते. ती म्हणाली, ‘भात लायतना अशें उबें कोण रावता?’ मग हळूहळू एकेक सांगू लागली. जुडी डाव्या हातात धरतात, उजव्याने लावतात. हिने उजव्यात धरलीय. पाऊस येताना दिसतोय आणि एकीच्याही डोक्यावर खोळ नाही. पाठ सरळ करायची ती बांधावर गेल्यावर, मधेच नाही, कारण एकदा सरळ केली की परत वाकताना जास्त दुखते. शेवटी तिने चौथ्या बाईकडे बोट दाखवलं. कडेला, थोडी अस्पष्ट, कॅमेऱ्याकडे पाठ करून वाकलेली. ‘ही खरी लायता,’ आते म्हणाली, आणि त्या अस्पष्ट बाईकडे आणखी थोडा वेळ बघत राहिली. समीक्षा म्हणून मी वर्तमानपत्रांत जे वाचते त्यात इतकं नेमकं मला क्वचित सापडतं. त्या फोटोखाली ठिकाणाचं नाव होतं, छायाचित्रकाराचं होतं, कागद कोणता हेही होतं. बायकांची नावं नव्हती.

आणि एवढ्यात सगळंच बदलूनही गेलंय. नरकासुराच्या रात्री पोरं स्वतःच स्वतःचे व्हिडिओ काढतात, शिगम्याच्या रोमटाला ढोल वाजवणाऱ्याच्या खांद्यावरून त्याचाच भाऊ मोबाइल धरतो. परत उडी मारायला सांगणारा आता बाहेरून यायची गरज नाही. पण याच पोरांमधल्या एकाने, माझ्या शेजारच्या घरातल्या, वर्षभर आपल्या आजीचे फोटो काढले: ती नारळ सोलताना, रागावताना, टीव्हीसमोर झोपलेली. कोणाला दाखवायला नव्हे. मी विचारलं तर म्हणाला, ‘ती किती वेगवेगळी बसते ते बघतोय.’ मला पेंटर आठवले.

गेल्या जत्रेला आम्ही काही जणांनी मिळून अग्रशाळेची एक भिंत मागून घेतली. देवस्थान समितीने आधी आढेवेढे घेतले, मग दिली. घराघरांतून जुने फोटो गोळा केले: नाटकांचे, लग्नांचे, पहिल्या बसपुढे उभ्या गावाचे, बुरशीने कडा खाल्लेले. त्या पोराने त्यांच्या प्रती काढल्या, मोठ्या केल्या, शेजारी आजीचे त्याचे फोटोही लावले. प्रत्येकाखाली कोरी पट्टी चिकटवली आणि दोऱ्याला पेन्सिल बांधून ठेवली, ओळखत असाल त्याचं नाव लिहा म्हणून. पहिल्या संध्याकाळी लोक लांबून बघत होते. दुसऱ्या दिवशी पालखी देवळात गेल्यावर जी गर्दी झाली ती नाटक सुरू झालं तरी हटेना. बायका एकमेकींच्या खांद्यावरून वाकून बघत होत्या, बोटं काचेवर उमटत होती. आजीने स्वतःचा झोपलेला फोटो बघून नातवाला चारचौघांत शिव्या दिल्या आणि मग ओळखीच्या प्रत्येकीला हाताला धरून तो दाखवायला आणलं.

सगळ्यात जास्त गलका होता एका नाटकाच्या फोटोपुढे. सीतेच्या वेशातला पुरुष, मागे पोफळींचं जंगल, मिरवेल, पाटाचं पाणी. पडदा सगळ्यांनी ओळखला. सीता कोण यावर दोन घरांत जुंपली. एकाने आपल्या आजोबांचं नाव लिहिलं, दुसऱ्याने ते खोडून आपल्या मोठ्या काकांचं. रात्री कोणीतरी खाली तिसरं नाव लिहून गेलं: ‘दोगूय न्हय. हो आमचो गुणो. नाक पळयात.’ गुणोच्या घरी तो फोटो चौकटीत आहे असं कळलंय. पुढच्या जत्रेला तो आणायचा ठरला आहे, आणि दोन्ही घरांनी आपापले पुरावे काढून ठेवले आहेत.